भिंतीपलीकडची रोझरी

२१ जुलै

पोचले एकदाची. सकाळच्या बोटीने आमचं गोझो बेट सोडलं, दोन बस बदलल्या आणि जेवणाच्या आत बिरगू गावच्या वेशीत बॅग ओढत हजर. आईने इतकं चीज बांधून दिलंय की बसमध्ये माझ्या शेजारी कोणी बसेना.

खोली छान आहे. गल्ली एवढी अरुंद की समोरच्या बाल्कनीतली बाई आणि मी एकमेकींच्या चहात साखर घालू शकतो. गावच्या संताच्या सणाला अजून अवकाश आहे, तरी वर लाल जरीचे पडदे टांगायला सुरुवात झालीय. घरमालकीण चेत्तीना. सत्तरी ओलांडलेली, विधवा, गोलमटोल. सगळी गल्ली मला मावशी म्हणते, तूही म्हण, असं तिने दारातच बजावलं आणि मग चष्मा शोधायला लागली. तो तिच्या डोक्यावर होता.

तिचे भाऊ नेनूकाका हेच माझे वरिष्ठ. युद्धकाळात खडकात खोदलेल्या निवाऱ्याचं इथे संग्रहालय आहे, तिथे मी उद्यापासून पर्यटकांना फिरवणार. काकांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, गोझोत वीज आली का गं अजून? मी म्हटलं, आली, पण तुमच्यासारखी बिल आल्यावर बेशुद्ध पडणारी माणसं नाहीत आमच्याकडे. मावशी इतकी हसली की तिला खुर्ची लागली.

गोझोच्या बंदरावरच्या माझ्या जुन्या तिकीट-खिडकीपेक्षा हे काम नक्की बरं.

२३ जुलै

दोन दिवस काकांच्या मागे मागे फिरून खालचं सगळं पाठ केलं.

वर उन्हाने दगड तापलेले असतात आणि जिना उतरला की अंगावर शहारा येतो. भिंतींवर कुदळीचे घाव जसेच्या तसे आहेत. मधून लांब बोळ, दोन्ही बाजूंना कुटुंबांनी आपापल्या हाताने खोदलेल्या खोल्या, पडदा लावायच्या खुंट्या, दिव्यांची काजळी. एक खोली बाळंतिणींसाठी. बोळाच्या टोकाला मारियेचा कोनाडा, आणि त्याच्या शेजारी दगडांनी बुजवलेली एक वाट. पलीकडे काय, असं पर्यटकांनी विचारलं तर कोसळलेला भाग म्हणून सांगायचं.

कोनाड्याशी माझा हात आपोआप कपाळाकडे गेला. काका चटकन म्हणाले, खूण कर हवी तर, पण खाली तोंडाने प्रार्थना म्हणायची नाही. का, म्हणून विचारलं. म्हणाले, ज्याने सुरू केली त्याने संपवायची असते आणि तुमच्या पिढीला कुठलीच गोष्ट संपवता येत नाही. एरवी टोमणा मारला की ते आधी स्वतःच हसतात. आज हसले नाहीत.

२७ जुलै

आज एकटीने फेरी घेतली. एका पोलिश आजोबांनी भिंतीवरच्या कुदळीच्या खुणांवरून हात फिरवत माझं सगळं ऐकून घेतलं. शेवटी म्हणाले, आमच्याकडेही होतं असंच.

मावशीने ससा शिजवला होता, लसूण आणि वाईन घालून. आई करते त्यापेक्षा चांगला होता, हे इथेच राहू दे. आठच्या सुमाराला चर्चची मृतांसाठीची घंटा झाली तशी मावशी वाक्य अर्धवट सोडून लॅटिनमध्ये पुटपुटली आणि मग बोलणं जिथे सोडलं होतं तिथून उचललं. लहानपणी ननकडून छड्या खात शिकले, आता विसरायचं म्हटलं तरी जमत नाही, म्हणाली. तिला विचारलं, तू कधी येत नाहीस गं खाली संग्रहालयात? ती म्हणाली, वर एवढं ऊन पडलंय, ते सोडून कोण जाईल! आणि ताटं उचलायला लागली.

२ ऑगस्ट

नीट लिहिते, म्हणजे मलाच नीट कळेल.

सणाच्या फटाक्यांचे बार आजपासून सुरू झाले. मी डेन्मार्कच्या लोकांना घेऊन कोनाड्यापाशी होते. डोक्यावर सलग बार फुटले, सगळा खडक हादरला आणि दिवे गेले. गडद अंधार. एक लहान मुलगी किंचाळली, लोक एकमेकांवर आदळायला लागले. जिन्याकडे कोणी पळालं असतं तर चेंगराचेंगरी ठरलेली. आमच्या घरी वादळात आजी जे करायची तेच माझ्या तोंडून निघालं. नमो मारिया म्हणायला लागले, मोठ्याने.

रोझरी कशी म्हणतात ते कोणाला सांगायला नको. एकजण अर्धी प्रार्थना म्हणतो, उरलेली अर्धी सगळे मिळून म्हणतात.

उरलेली अर्धी म्हटली गेली. बुजवलेल्या वाटेच्या पलीकडून. पुष्कळ जण होते, बायका, पुरुष, एक खोकत म्हणणारा. "आता आणि आमच्या मरणाच्या वेळी."

मला वाटलं, काकांनी ध्वनिफीत लावली. पुन्हा म्हटली, पुन्हा उत्तर आलं. तिसऱ्यांदा म्हणताना दिवे आले आणि मी थांबले. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

बाहेर पडताना रांगेतला शेवटचा माणूस जिन्यावर सापडला. जबडा मोडून एका बाजूला लोंबत होता, दात पायरीवर पडले होते. सगळे म्हणाले, घसरला. स्ट्रेचरवर तो त्या मोडक्या तोंडाने एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होता. त्याच्या बायकोने मला विचारलं, हा कुठल्या भाषेत बोलतोय?

आमच्या. "पुढे म्हण," म्हणत होता.

४ ऑगस्ट

नेनूकाकांनी आज सांगितलं. त्यांनी विचारलं ते एवढंच, किती म्हटलीस? मी सांगितलं. ते खुर्चीत बसले आणि सांगायला लागले.

युद्धात एका हल्ल्यात त्या वाटेची दोन्ही तोंडं बुजली. आत माणसं होती. काकांची आजी कार्मेना रोझरी सांगायची. तिने अंधारात सुरू केली आणि सगळ्यांना बजावलं की रोझरी तुटली नाही तर कोणी मरणार नाही. लोकांनी ते धरून ठेवलं. ती रात्रंदिवस म्हणत राहिली. शेवटी घसा सुकला, शब्द फुटेना. आधी त्यांनी विनवण्या केल्या. मग मारलं. मग कुदळींनी मारलं. त्यानंतर थोड्याच वेळात बाहेरच्यांनी दगड फोडले आणि सगळ्यांना जिवंत काढलं. कार्मेना सोडून.

गावाने ती वाट बुजवली आणि तोंडही मिटलं.

मी विचारलं, सगळे जिवंत बाहेर आले, तर मग पलीकडे कोण आहे? काका म्हणाले, माझा बाप आपल्या पलंगावर मेला, पाद्री शेजारी होता, मी हात धरला होता. आणि पुरल्याच्या दुसऱ्या दिवशी मी खाली त्याचा खोकला ऐकला. एकेक करून सगळे परत गेले पोरी. त्यांची रोझरी अर्धी राहिलीय.

आता सांगणारी मी आहे. ती त्याच कोनाड्यासमोर संपवायला हवी. शेवटची लितानीसुद्धा, मारियेची सगळी नावं, जुन्या पद्धतीने लॅटिनमध्ये. मला ती येत नाही. काका म्हणाले, मी शेजारी बसून कानात सांगेन. तू घाबरू नकोस, गोझोची माणसं हट्टी असतात, आज तरी त्याचा उपयोग होईल.

५ ऑगस्ट

संग्रहालय बंद ठेवलं. काका आणि मी खाली गेलो.

उत्तरं लगेच आली. दर खेपेला जरा जवळून. रोझरीत दहा-दहा नमो मारियांची पाच दशकं असतात; चौथ्या दशकात भिंतीतून चुना गळायला लागला, माझ्या घशात गेला आणि ठसका लागला. बोलता येईना. पलीकडे शांत झालं. काकांनी माझ्याकडे बघितलं आणि माझ्याऐवजी पुढची ओळ त्यांनीच म्हटली.

रोझरी एकाचीच असते. त्यांना माहीत होतं. त्यांनीच मला सांगितलं होतं.

त्यांना केसांना धरून भिंतीवर आपटलं. धरणारं कोणी नव्हतं. मग घाव पडायला लागले. हत्यार दिसत नव्हतं, फक्त काकांचं तोंड आत आत जात होतं, प्रत्येक घावाला ओला आवाज, आणि त्या आवाजांच्या मधे माणसांचं रडणं. मारणारे रडत होते. एकजण खोकत होता. बाबा, बाबा म्हणणारा आवाज काकांचा होता. मग तोही थांबला.

माझा ठसका गेला. मी पुढची ओळ म्हटली. घाव थांबले. म्हणत म्हणतच जिना चढले.

७ ऑगस्ट

पोलीस म्हणतात, छताचा दगड पडला. निवाऱ्याला टाळं लावलंय. काकांची दुसरी किल्ली माझ्याकडे आहे.

मावशीला सगळं सांगितलं. ती रडली नाही. म्हणाली, नेनू लहानपणापासून मधेच बोलायचा.

उत्तर इथे घरीही येतं. अंगणातल्या विहिरीतून. मी गप्प झाले की विहिरीचं लोखंडी झाकण हलतं. इथे कितीही वेळा पूर्ण केली तरी पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. मावशी ओट्याशी बसून मला लॅटिन लितानी शिकवतेय. मधल्या वेळात मी रोझरी पुटपुटत राहते.

८ ऑगस्ट

झोप लागली. पुटपुटणं थांबलं असणार.

मावशीच्या किंकाळीने उठले. तिच्या उजव्या हाताची बोटं मागे वळून मनगटाला टेकली होती. विहिरीचं झाकण उघडं. मी ओरडून म्हणायला लागले तेव्हा तिचा हात सुटला.

मी गोझोला पळाले तर ती इथे एकटी. राहिले तर घसा किती टिकेल— मध, गरम पाणी. आवाज फाटलाय. मावशी माझ्या पाठीवरून डावा हात फिरवते आणि म्हणते, तुझा उच्चार भयंकर आहे गं, पण देवाला चालेल.

लितानी पाठ झाली.

१० ऑगस्ट

सणाचा दिवस. वर बँड वाजतोय. मावशीला झोपेची गोळी दिली आणि खाली आले. दिवे नाहीत, टॉर्च आहे. ते उत्तर देतात तेवढ्या वेळात लिहिते. लिहिलं की मोजणी चुकत नाही.

चार दशकं झाली.

पाचवं. भिंतीतला एक दगड बाहेर सरकलाय. मागे डोळे नाहीत. तोंडं आहेत. सगळी उघडी.

लितानी. म्हणतायत माझ्यामागे. हळू, नीट. आता रडत नाहीयेत. अर्धी झाली. होईल— होईल बहुतेक—

आवाज गेला.

नुसती हवा येतेय. थुंकी गिळली, रक्त. काहीच येत नाही—

ते थांबलेत. वाट बघतायत.

जिन्यावर कोणीतरी— मावशी. पाण्याची बाटली घेऊन. गोळी घेतलीच नव्हती तिने. शेजारी येऊन बसली. पाणी प्यायले. तरी नाही.

मावशी कानात विचारतेय, कुठलं नाव अडलं, मी म्हणू का. मान हलवली. तिला वाटतंय मी घाबरलेय. म्हणते, रोझरी तुझी, पण लितानी कोणीही म्हणावी, मला पाठ आहे पोरी, तू शांत बस. तिचं तोंड दाबलं तर हात बाजूला करते. वही टॉर्चखाली धरून तिला लिहून दाखवते—

तू म्हणू नकोस. काकांनी हेच केलं. एकच आवाज चालतो. वर जा.

डोळे बारीक करून बघतेय. कपाळावर हात फिरवतेय. डोक्यावर चाचपतेय. चष्मा नाहीये. घरी राहिला—

मोठं लिहिते

मावशी गप्प

तोंड उघडू न