तो प्रसंग माझा नव्हता

बाई, मागच्या महिन्यात तुमच्या मुलीची मेल आली. तुम्हाला जाऊन बारा वर्षं झाली, आणि आता माद्रिदच्या एका संग्रहालयाला तुम्ही सिनेमा-टीव्हीसाठी लिहिलेल्या सगळ्याची यादी हवी आहे. तुम्ही होतात तेव्हा मुलगी ल्यूकनला आमच्या मागच्या गल्लीत राहायची, आता एनिसला असते. तिने विचारलं होतं, शेवटची वर्षं आई माझ्याकडे होती, तेव्हा तिने इथल्या आयरिश टीव्हीसाठी काही लिहिलं होतं का? सँडीफोर्डच्या ऑफिसात जेवता जेवता मी उत्तर दिलं: आम्हाला शिकवायच्या, बाकी माझ्या माहितीत काही नाही. पाच मिनिटांत तिचं उत्तर. "ग्रँड, थँक्स. आईचा तुझ्यावर फार जीव होता."

लायब्ररीतल्या तुमच्या पटकथेच्या वर्गात आम्ही सहाजण होतो. आमच्याकडे शिक्षिकेला म्हणतात तसं मी तुम्हाला बाई म्हटलं आणि तुम्ही ते लगेच स्वीकारलंत. पुढे शनिवारी तुम्ही माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसू लागलात. तरुणपणी माद्रिदला तुम्ही एका दिग्दर्शकाकडे टायपिस्ट होतात, तो सांगायचा आणि तुम्ही टाइप करता करता संवाद बदलायचात. दोन सिनेमे तसे झाले, पडद्यावर नाव त्याचं. "माझी आई थिएटरातून बाहेर पडून विचारायची, मग तू नक्की करतेस काय?" हे सांगताना तुम्ही हसत होतात, पण हातातला चहा तसाच गार झाला होता. मग स्वतःच्या नावावर तीन सिनेमे, तिन्ही पडले. मग कित्येक वर्षं दुपारची रोजची मालिका. "तिथे मी चाळीस माणसं मारली. तिघांना परत जिवंत केलं, बायकांची रागाची पत्रं आली म्हणून." सिनेमा सोडून मालिका लिहायचं वाईट नाही वाटलं का, असं मी विचारलं. माझ्या आवाजातली कीव तुम्हाला ऐकू आली असणार. तुम्ही म्हणालात, "सिनेमाला लोक तयार होऊन येतात. मालिका बघताना ते भाजी चिरत असतात. त्यांना मान वर करायला लाव, मग माझ्याशी बोल."

माझ्या पटकथेत पुण्याहून आलेली आई मुलीकडे सहा महिने राहून परत निघते. शेवटी मी दोघींचं मोठं भांडण आणि रडणं लिहिलं होतं. तुम्ही ती पानं वाचलीत, बाजूला ठेवलीत आणि पुढच्या शनिवारी चौकटींच्या कागदावर चार पानं लिहून आणलीत. डावीकडे काय दिसतं ते, उजवीकडे काय ऐकू येतं ते. बॅगा दाराशी आहेत, टॅक्सी यायची आहे, आणि आई विचारते, "आज कुठल्या रंगाची बिन बाहेर ठेवायची?" मुलगी म्हणते, राहू दे गं. आई कोट घालून कचऱ्याची बिन ढकलत फाटकापर्यंत जाते, बिनचं तोंड नीट रस्त्याकडे करते आणि तिथेच उभी राहते. बस. मी त्यातला बिनचा तपकिरी रंग बदलून हिरवा केला. बाकी शब्द न शब्द तुमचा.

ती पटकथा टीव्हीसाठी निवडली गेली तेव्हा फॉर्मवर प्रश्न होता, लेखनात आणखी कोणाचा सहभाग आहे का. मी 'नाही'वर खूण केली. स्वतःला म्हटलं, शिक्षक सुधारतातच, त्याला सहभाग म्हणत नाहीत. प्रसारणाच्या संध्याकाळी तुम्ही माझ्याच सोफ्यावर बसून ते पाहिलंत. शेवटी नाव आलं, एकटं माझं. तुम्ही पडद्याकडे बघत म्हणालात, "त्या नटीने बिन छान ढकलली हं." आणि शाल घेऊन उठलात. दारापर्यंत सोडायला मी आले, तेव्हा तरी बोलू शकले असते. मी विचारलं, बाहेर गार आहे, टोपी देऊ का?

अजूनही लोक त्याच प्रसंगाबद्दल बोलतात. माझा दुसरा कुठला प्रसंग कोणाला आठवत नाही, मलाही नाही.

तुमच्या मुलीला खरं सांगणारी मेल मी लिहून ठेवली आहे. पाचच ओळी आहेत, पण माझ्याच्याने त्या पाठवल्या जात नाहीत, म्हणून आधी हे लिहायला घेतलं. तुम्हाला लिहिणं सोपं आहे, तुम्ही कोणाला सांगणार नाही. आत्ता त्या पाच ओळी पुन्हा वाचल्या. त्यांतही मी लिहिलंय, 'शेवटच्या प्रसंगात बाईंनी थोडी मदत केली होती.'