दत्तमंदिराच्या सात पायऱ्या

९ जानेवारी, शुक्रवार
रुचिका आज पांढऱ्या साडीत जेवायला आली. ब्राझीलला वर्षभर कला शिकून आल्यापासून दर शुक्रवारी पांढरंच. तिकडच्या आफ्रिकी वंशाच्या लोकांच्या ओशाला देवाचा हा वार म्हणे. सासूबाईंची पोळी तव्यावर करपली. "लगीननं नाव नही, अन पांढरं लुगडं!"
रुचिका माझी नणंद, पण तिचं आणि माझं बरं जमतं. मी कशात पडत नाही, म्हणून असेल.

११ जानेवारी
तिने बेत सांगितला. साल्वादोर शहरात गुलामांच्या वंशातल्या बायका जानेवारीतल्या एका गुरुवारी चर्चच्या पायऱ्या सुगंधी पाण्याने धुतात. आत धुवायला कधीकाळी बंदी झाली — मग पायऱ्या तर पायऱ्या! मनात देव मात्र आपला ओशालाच. तिची तिथली गुरू कलाकार आहे. पोलिसांच्या गोळीने गेलेल्या पोरांच्या नावाने ती कोर्टाच्या पायऱ्या धुते. तीच पूजा, तोच निषेध.
रुचिकाला त्याच गुरुवारी आपल्या दत्तमंदिराच्या पायऱ्या धुवायच्या आहेत. तुळशीबाईसाठी. तुळशीबाई आमच्याकडे धुणंभांडी करते आणि रोज सकाळी मंदिराच्या सातही पायऱ्या धुते. उंबरा ओलांडत नाही. भिलाटीतलं, भिल्लांच्या वस्तीतलं, कुणीच ओलांडत नाही. बंदी कुठे लिहिलेली नाही — फक्त तिचा नारळ पुजारी बाहेर येऊन घेतो. धुऊन झालं की रुचिका तिचा हात धरून तिला आत नेणार!
"वहिनी, तू फक्त बादली धर."
नाही म्हटलं. आबा मंदिर समितीचे अध्यक्ष, माझ्या शाळेच्या संस्थेचेही. सासरा आणि साहेब एकच. मला भीती वाटते, असं सरळ सांगून टाकलं.

१३ जानेवारी
तुळशीबाईही नाही म्हणाली. "मन्हं काम जाई, बाई."

१५ जानेवारी, गुरुवार
रुचिकाने धुतल्याच. पांढरी साडी, गुलाबपाणी, शेवंतीची फुलं. निम्मं गाव जमलं. आणि गाव खूश! "पोर सुधरनी," बायका म्हणाल्या. आबांनी शाल-श्रीफळ दिलं. पुजारी म्हणाला, "दर गुरुवारले येत जाय." ती सांगत होती — ही सेवा नाही, हा निषेध आहे. तोवर आरतीचा भोंगा सुरू झाला.
तुळशीबाई खाली उभी होती. रुचिकाने हात पुढे केला. तिने आपला हात पदराखाली घेतला.
मला आधी हसू आलं. मग वाईट वाटलं. फोटो छान आलेत.

१६ जानेवारी
भांडी घासताना तुळशीबाई म्हणाली, "बावीस वरीस व्हयनात, मी रोज धुस. मन्हा फोटो कोनी काढा नही."
रुचिकाला सांगितलं. दुपारच्या गाडीने ती बडोद्याला परत गेली. शाल इथेच ठेवून गेली.

१९ जानेवारी
स्नेहसंमेलनाची तालीम. विशेष काही नाही.

२२ जानेवारी, गुरुवार
सकाळी आबांबरोबर दर्शनाला गेले. तुळशीबाईच्या वरच्या तीन पायऱ्या धुऊन झाल्या होत्या. मला पाहून ती खाली आली आणि बादली माझ्या हातात दिली.
"वहिनी, आज बाकीन्या तुम्हीन धुवा. मी देवले भेटी येस."
ती आत गेली. आबा बघत होते. चार पायऱ्या मी धुतल्या.