सूट नसलेली खुर्ची

४ जानेवारी
बंदी आली. सरकारी नोकरभरती बंद, पुढचा आदेश येईपर्यंत. आहेत त्यांना हात लावणार नाहीत. पण कुणी निवृत्त झालं, सोडून गेलं, मेलं, की त्याची खुर्ची रिकामीच राहणार. केंद्रप्रमुख साहेबांनी अग्निशमन केंद्राच्या अंगणात सगळ्यांना उभं करून आदेश वाचला. सूट कुणाला — पोलीस, परिचारिका, तुरुंगातले पहारेकरी, अग्निशमनाचे जवान. जवानांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. मग साहेब चष्मा पुसत म्हणाले, "ताई, तुम्ही दोघं यात नाही."

आम्ही दोघं म्हणजे मी आणि मास्तर, केंद्राचा फोन उचलणारे. मास्तरने जन्मात शाळेत शिकवलेलं नाही. पण आग लागलेल्या माणसालाही 'आधी पत्ता, मग रडणं' असं दरडावतो, म्हणून मास्तर. आमचा वर्ग कारकुनांचा. बंब चालवणारा अत्यावश्यक. बंब कुठे न्यायचा ते सांगणारी नाही!

५ जानेवारी
चिमणी आली होती. आमची तिसरी खुर्ची रिकामी आहे, तिथे तिची निवड झालेली. सोमवारी रुजू होणार होती. औषधाच्या दुकानातली नोकरी सोडून बसली आहे.

"मावशी, परीक्षा पास झाले, यादीत नाव आहे. मग बंदी मला कशी?"

काय सांगणार. रुजू झाली असतीस तर वाचली असतीस. यादीतलं नाव म्हणजे नोकरी नव्हे. म्हटलं, "होईल काहीतरी." तोंडातून गेलं आणि स्वतःचाच राग आला.

२२ जानेवारी
साहेबांनी आमच्या खुर्च्यांना सूट मागितली होती. वित्त विभागाचं उत्तर आलं — पदाच्या नावात 'अग्निशमन' हा शब्द नाही.

९ फेब्रुवारी
साहेब हट्टाला पेटले. पदाचं नावच बदला म्हणून कळवलं. 'अग्निशमन दूरध्वनी चालक.' उत्तर — नाव बदललं की ते नवीन पद होतं, आणि नवीन पदांना बंदी आहे.

मास्तर म्हणाला, "आपलं नाव 'बंब' ठेवून घेऊ. बंब खरेदीला बंदी नाही."

हसलो. बऱ्याच दिवसांनी.

२७ फेब्रुवारी
दिवस माझा, रात्र मास्तरची. सुट्टी घ्यायची तर एखाद्या जवानाला फोनवर बसवतात, मग बंबावर एक कमी. म्हणून घेत नाही.

घरी हे खिडकीशी बसून असतात. अर्धांगाच्या झटक्यानंतर बोलणं जड झालंय. दिवसभर किंचाळणाऱ्या, खोकणाऱ्या परक्या माणसांचं मला कळतं आणि यांचं एक वाक्य तीनदा विचारावं लागतं. आज चिडले, पुढे बोललेच नाहीत. पाणी हवं होतं की पंखा बंद करायचा होता, कळलंच नाही.

स्वेच्छानिवृत्ती घ्यावी असं फार वाटतं. साहेबांना बोलूनही दाखवलं. ते हात जोडून उभे. "ताई, तुम्ही गेलात तर खुर्चीही जाईल. मास्तर एकटा पडेल."

अर्ज दिला नाही. माणसाला घट्ट धरून ठेवायची ही चांगली रीत आहे.

१७ मार्च
लिहवत नाही.

१८ मार्च
काल दुपारी लाकडाच्या वखारीतून फोन. माणूस नवा, रस्त्याचं नाव सांगता येईना. "समोर काय दिसतं, ते सांगा," म्हणून त्याच्याकडून पत्ता काढत होते. तेवढ्यात दुसरी लाईन वाजू लागली. याला सोडलं असतं तर हा फोन टाकून पळाला असता. एका हाताने दुसरी लाईन उचलायला गेले, तर हा ओरडला — आत माणूस आहे! पुन्हा त्याच्याकडे वळले. दुसरी लाईन वाजत राहिली. वाजत राहिली. थांबली.

वखारीतला माणूस जिवंत निघाला.

दुसरा फोन मागच्या वस्तीतल्या एका म्हातारीच्या सुनेचा होता. स्वयंपाकघरात गॅस भडकला होता. शेजाऱ्यांनी म्हातारीला चादरीत गुंडाळून नेलं. म्हातारी संध्याकाळी गेली. दवाखान्यात परिचारिका पुरेशा होत्या, असं जवान सांगत होता. असणारच, त्यांना सूट आहे.

२० मार्च
फोन वाजला की उचलते. पण हात आधी थांबतो.

२६ मार्च
चौकशी. अधिकारी तरुण, सभ्य. विचारलं, "दुसरा फोन का उचलला नाही?"

म्हटलं, "कान दोन आहेत साहेब, तोंड एकच आहे."

त्याने लेखणी खाली ठेवली. केंद्रप्रमुख साहेब म्हणाले, "शेजारची खुर्ची पाहा. तिच्यावर माणूस असता तर तुम्ही इथे नसता." अधिकाऱ्याने पाहिलं. खुर्चीवर मास्तरची छत्री होती.

म्हातारीची सून बाहेर बाकावर होती. माझ्याकडे बघितलं नाही. बोलली असती तर बरं झालं असतं. शिव्या दिल्या असत्या तरी.

८ एप्रिल
सूट मिळाली. फोन उचलणारे आजपासून अत्यावश्यक. साहेब खोलीत आले, पण चेहरा पडलेला. सूट फक्त आजनंतर रिकाम्या होणाऱ्या खुर्च्यांना. तिसरी खुर्ची आधीच रिकामी होती, ती रद्द. कायमची.

आणि निवडयादीची मुदत या महिन्यापुरतीच.

९ एप्रिल
सकाळभर एकच विचार. दोन खुर्च्यांच्या तीन होणार नाहीत. पण माझी आजनंतर रिकामी झाली तर ती भरता येईल, यादीतून, लगेच. चिमणीचा हात फोनवर थांबणार नाही. आणि मी घरी यांच्याजवळ.

दुपारी स्वेच्छानिवृत्तीचा अर्ज दिला. साहेबांनी या खेपेला हात जोडले नाहीत. मास्तरने पाठ फिरवून नाक शिंकरलं. चिमणीला मुद्दाम सांगितलं नाही. दोनदा आशा दाखवून झाली आहे, आता हातात आदेशच द्यायचा.

यांना सांगितलं. काहीतरी म्हणाले, पहिल्याच वेळी कळलं — "बरं केलंस."

१६ एप्रिल
सकाळी मंजुरी आली, आजपासूनच निवृत्त. चिमणीला फोन लावला. ती म्हणाली, "मावशी, मी गेल्या आठवड्यात तुरुंगात रुजू झाले, पहारेकरी म्हणून. तिथे बंदी नसते ना." यादीत तिच्याखाली कुणीच नाही. अर्ज मागे घ्यायला साहेबांकडे धावले. म्हणाले, "ताई, तुम्ही आता बाहेरच्या. बाहेरून माणूस घ्यायचा तर नवी परीक्षा लागते." मास्तर रात्रपाळी करून बसला होता. घरी गेला नाही. फोन वाजला, त्याने उचलला.