पोताऱ्याखालची भिंत

सोमवार, ६ जानेवारी २०२५, सकाळी ९ वाजून २० मिनिटे

सुतळीला नीळ लावून भिंतीवर आडव्या रेघा मारत होतो. एका टोकाला खिळा, दुसरं टोक हातात. ताणायची, मधोमध चिमटीत धरून सोडायची — फट्! सरळ रेघ. अशा चौदा रेघा झाल्या तेव्हा मोठेबा आले.

मोठेबा म्हणजे माझे मोठे चुलते जीवनराव. आमच्या वस्तीच्या समितीचे अध्यक्ष. नव्या सभागृहाची रस्त्याकडची भिंत त्यांनी मला दिली आहे. तिच्यावर वस्तीचा इतिहास लिहायचा. सव्वीस तारखेला उद्घाटन. मजकूर त्यांनीच लिहून आणला. माझे आजोबा चंपत यांच्यावर आहे. बहात्तर साली, गायरान आम्ही नांगरलं म्हणून मालकाची माणसं वस्ती जाळायला आली. आजोबा एकटे कुऱ्हाड घेऊन वस्तीच्या तोंडाशी उभे राहिले. एकाला ठार केलं, बाकीचे पळाले. सात वर्षं तुरुंग भोगला.

हे मी लहानपणापासून ऐकत आलो आहे. अजूनही अंगावर काटा येतो.

मजकुरात शुद्धलेखनाच्या अकरा चुका होत्या. गुपचूप दुरुस्त केल्या. नववी नापास माणसाने अध्यक्षांच्या चुका दाखवू नयेत.

बुधवार, ८ जानेवारी

सहा ओळी झाल्या. आमचा भाग तेलंगणात, म्हणून वरची ओळ तेलुगू; ती चित्रासारखी बघून काढली. अर्थ माहीत नसला की हात कमी थरथरतो.

दुपारी बयनाबाई वेचणीवरून आली. सत्तरीच्या पुढची, पण कापसाचं गाठोडं अजून डोक्यावर. तिला वाचता येत नाही. "काय लिहून राह्यला रे धम्मदीप?" मी वाचून दाखवलं. ती थुंकली. भिंतीवर नाही, बाजूला.

"एकटा होता म्हन्तं? बरं बाप्पा. अन् कुऱ्हाड कोनाची होती?"

"आजोबांची."

"तुया आजाच्या घरी तवा कुऱ्हाड नव्हती. सरपन मायाच घरून न्यायची तुई आजी."

गेली. मोठेबांना हे सांगायचं की नाही? नाही सांगितलं.

शुक्रवार, १० जानेवारी

चौदापैकी बारा ओळी पूर्ण.

माझी मोठी बहीण प्रगतीताई संक्रांतीच्या सुट्टीत उटनूरहून आली. ती तिकडे शाळेत शिकवते. भिंत वाचली आणि म्हणाली, "तू तर सगळं मोजतोस. यात बाई किती वेळा आली ते मोजलं का?"

मोजलं. एकदा. 'बायका-पोरे रडू लागली.'

रात्री जेवतानाही तिचं बोलणं थांबेचना. "'वस्तीचे कर्ते पुरुष' लिहिलंस ना? तुला व्याकरण आवडतं. मग सांग — कर्ता पुरुष, तर कर्म कोणाचं? बायकोचं. आणि क्रियापद कोणतं? मारणे!" मग म्हणे, "बाईमाणूस हा शब्द बघ. बाई पहिल्यांदा, माणूस मागून. पण आहे तरी. 'पुरुषमाणूस' म्हणताना मात्र मला दर वेळी शंका येते."

माझी बायको शुभांगी चुलीपाशी भाकर थापत होती. खळखळून हसली. मी बघितलं तशी थांबली.

रविवार, १२ जानेवारी

भिंत गेली!

काल सकाळी शेवटची ओळ लिहीत शिडीवर होतो. नऊ बाया आल्या. बादल्यांत नाल्याची पांढरी माती कालवलेली, हातात फडकी. कार्याआधी भिंतींना पोतारा द्यायचा हे बायांचंच काम. त्या बादलीला पुरुष हात लावत नाही आणि पोतारा देणाऱ्या बाईला कोणी अडवत नाही. चालतच आलं आहे तसं. मी ओरडलो, "आजी, रंग ओला आहे!"

बयनाबाई म्हणाली, "म्हूनच आलो. वाळल्यावर निघत नाई."

पंधरा मिनिटांत सगळं पांढरं. ओलं पुसलं गेलं, वाळलेलं झाकलं गेलं. वर एकमेकींना उखाणे घालत होत्या —

भिंतीले पोतारा, पोताऱ्याले पानी,
धनी पयाले ज्वारीत, मी सांगतो कहानी!

मोठेबा आले. बायांना काही बोलले नाहीत. मला शिडीवरून खाली बोलावलं. "बायांनं पुसलं अन् तू पाहत राह्यला? बांगड्या भर!" सगळ्यांसमोर कानाखाली मारली. पायाखालची बादली लवंडली. आज दुसरा दिवस, डाव्या कानात अजून शिटी वाजते.

शुभांगी आजारी आहे. आज वेचणीला गेली नाही.

सोमवार, १३ जानेवारी

मोठेबा म्हणतात, पुन्हा लिही. मी आधी बयनाबाईकडे गेलो. ताईही आली. बयनाबाईने वाती वळता वळता सांगितलं. जसं आठवतं तसं लिहितो.

"मी अठरा वर्साची होतो. मशाली पाह्यल्या अन् सारे मानसं ज्वारीत पयाले. तुया आजाबी. काऊन खोटं बोलू? त्याइले धरलं असतं तं कापलंच असतं. बायाइले सोडतीन, असं वाटलं त्याइले. नाई सोडलं.

"दोघांनं मले केसाले धरून ओढलं. एकानं पंचफुलाच्या, तुया आजीच्या, झोपडीले आग लावली. आत तिची म्हातारी सासू होती, पायानं अधू. पंचफुला कांडून राह्यली होती. मुसळ हातातच होतं. पह्यला घाव त्याच्या खांद्यावर. थो फिरला, तिच्या पोटात लाथ मारली. पोटात होती ती, पाचवा महिना. मंग तिनं दुसरा घाव घातला, डोस्क्यावर. खाली पडला तरी मारतच राह्यली. आवाज बदलत गेला पोरा. आधी हाडाचा येत होता, मंग चिखलाचा."

ताईची पेन्सिल थांबली. बयनाबाईने वात वळून ताटात ठेवली.

"थ्या दोघांनं थे पाह्यलं अन् मले सोडून पयाले. सासूले आमी ओढून काढली. तिचं लुगडं कातडीले चिकटलं होतं. पंचफुलाचं लेकरू पहाटे पडलं. तवा चंपत ज्वारीतून आला."

आजोबा पोलिसांसमोर म्हणाले, मी मारला. कुऱ्हाडीने. सात वर्षं गेले. खोटं बोलले, पण गेले! हे मी बयनाबाईला म्हटलं.

"हो, गेला. बाईले फासावर जाऊ देलं नाई. थे त्याचं, मी नाई म्हनत नाई. पन आल्यावर दर दिवशी वसूल केलं त्यानं."

बुधवार, १५ जानेवारी

ताईने तेव्हा वस्तीत असलेल्या पाच म्हाताऱ्यांचं वहीत लिहून घेतलं. जुळत नाही! एक म्हणते दोन घाव, एक म्हणते पाच. एकीला मशाली चार दिसल्या, दुसरीला वीस. मी घाबरलो. असं भिंतीवर कसं लिहायचं?

ताई म्हणाली, "मोठेबांचं जुळतं, कारण ते एकट्याचं आहे."

मी दोन रकाने पाडले. सगळ्यांत जुळतं ते: ज्वारी, मुसळ, सासू, पंचफुला. एवढंच लिहायचं.

शुक्रवार, १७ जानेवारी

आजी कशी गेली हे विचारायला नको होतं.

मी तीन वर्षांचा होतो. घरात सांगतात, विहिरीवर पाय घसरला. बयनाबाई म्हणाली, "बाईच्या मढ्याले आंघोय कोन घालते? बायाच ना. पुरुष तं पाहतबी नाई. आमी चौघींनं घातली. पाठीवर लाकडाचे वळ, जुने अन् नवे. डाव्या कुशीले हात लावला तं बरगड्या आत गेल्या. विहिरीत पडलेल्या बाईच्या केसाले पानी असते रे. तिचे केस कोरडे होते."

चौघीही तेवीस वर्षं काही बोलल्या नाहीत. आजोबांच्या अंत्ययात्रेत तर भाषणं झाली होती. मीच फलक रंगवला होता. 'वस्तीचा वाघ'.

जेवलो नाही.

रविवार, १९ जानेवारी

ठरवलं. भीती वाटते आहे. मोठेबा मारतील. माझी कामं बंद करतील. वस्तीतून बाहेरही काढतील. तिन्ही लिहून ठेवलं म्हणजे ऐन वेळी नवीन काही नको.

ताई उद्या उटनूरला जाते. म्हणाली, "घाई करू नको." मी म्हटलं, वाळायला दोन दिवस लागतात.

बुधवार, २२ जानेवारी

पहाटेपासून लिहितो आहे. मोठेबा आदिलाबादला मंडप ठरवायला गेले आहेत. मजकूर असा —

'सन १९७२ मध्ये मालकाच्या माणसांनी ही वस्ती पेटवली. पुरुष ज्वारीत लपले होते. पंचफुला हिने मुसळाने एकाला ठार करून सासूचा व वस्तीचा जीव वाचवला. त्यात तिचे मूल गेले. तिचा गुन्हा पती चंपत याने अंगावर घेतला व सात वर्षे तुरुंग भोगला. सुटून आल्यावर तो तिला मारत असे. त्या मारानेच ती वारली.'

शेवटच्या वाक्यापाशी बराच वेळ ब्रश धरून उभा होतो. 'वारली' की 'मेली'? 'वारली' ठेवलं.

शनिवार, २५ जानेवारी

डाव्या हाताने लिहितो आहे. अक्षर वाईट आहे, माफी असावी. कोणाची मागतो आहे कोण जाणे.

परवा, गुरुवारी सकाळी सव्वाआठला, वरची चौकट रंगवत होतो. मोठेबा सब्बल, म्हणजे लोखंडी पहार, घेऊन आले. शिडी ओढली. मी उजव्या कुशीवर पडलो. उठायच्या आत मनगटावर सब्बल बसली. आवाज आधी ऐकू आला, दुखलं नंतर. हाड कातडीतून वर आलं होतं. पांढरं, ओल्या खडूसारखं.

मग भिंतीवर घाव. 'चंपत' या शब्दाखालचा गिलावा उडाला. विटा दिसल्या. बयनाबाई धावत येऊन भिंतीला पाठ लावून उभी राहिली. मोठेबांनी तिच्या कानाजवळ घाव घातला. विटेचा तुकडा उडून तिची भुवई फाटली. ती हलली नाही. लुगड्यावर रक्त सांडत होतं.

"सरक बयने! माया बाप होता तो!"

"अन् थे तुई माय नव्हती का, जीवन?"

पुढे जे झालं ते मी कधी विसरणार नाही. मोठेबांच्या हातून सब्बल पडली. ते मातीत बसले. साठीचा माणूस, हुंदके देऊन रडला. म्हणाले, "मले माहीत होतं. सहा वर्साचा होतो. तिच्याच मांगं लपलो होतो. मायावर रक्त उडालं त्या मानसाचं. बापानं शपथ घातली — कोनाले सांगशील तं तुई माय फासावर जाईन. मंग मी कोनालेच सांगितलं नाई. तो तिले मारे तवाबी नाई."

बायांनी मला ऑटोत घातलं. मनगटाला चार टाके, आत सळई. डॉक्टरांना मोठेबांनी स्वतः सांगितलं, मी मारलं.

रविवार, २६ जानेवारी

उद्घाटन झालं. गिलाव्याचं भगदाड तसंच आहे, मजकूर तसाच आहे. मोठेबा बोलायला उभे राहिले, आईचं नाव घेतलं आणि खाली बसले.

बाया टाळ्या वाजवत होत्या. माझ्यासाठी. उद्घाटनाला परत आलेल्या ताईने माझा फोटो काढला, प्लास्टरचा हात आणि मागे भिंत. शाळेतल्या मॅडमना पाठवते म्हणाली. बयनाबाईने, भुवईला पट्टी, माझ्या गालावरून बोटं फिरवून कडाकडा मोडली. "असा पुरुष घराघरात जन्माले येवो!"

शुभांगी शेवटच्या रांगेत होती. ती टाळ्या वाजवत नव्हती.

सोमवार, २७ जानेवारी, सकाळी ७

शनिवार, ११ जानेवारीची नोंद मी केली नाही. आज करतो.

मोठेबांची थप्पड खाऊन दुपारी दोनला घरी आलो. शुभांगीच्या कोपरापर्यंत पांढरी माती होती. त्या नऊ जणींत ती होती. मी दाराला कडी घातली. कमरेचा पट्टा काढला, बक्कलच्या बाजूने मारलं. पाठीवर, मग तोंडावर. किती वेळा ते मोजलं नाही. बाजूच्या खोलीत ताई झोपली होती म्हणून ती ओरडली नाही. ही पहिली वेळ नव्हती. चौथी होती. ती आजारी नव्हती. ओठाचं विचारलं तेव्हा ताईला मी पाय घसरला म्हणून सांगितलं.

आत्ता ती पिशवी भरून निघाली. मी अडवलं नाही. दारात म्हणाली, "हेबी लिहा. मोठ्या अक्षरात."

खर्च: ओठाचे टाके व गोळ्या, ३४० रुपये. वेचणीच्या मजुरीतून तिनेच दिले. आज बेला गावापर्यंत ऑटो, ३० रुपये. तेही तिचेच. पुढे बसला बायांना तिकीट लागत नाही.

देणे: शुभांगीचे ३७० रुपये.

येणे: काही नाही.