सत्तावीस-अ

३ फेब्रुवारी, सोमवार

डबा गेला!

सकाळी आरोग्य-खोली उघडली तर खिडकीखालच्या टेबलावर नुसता गंजाचा गोल डाग. अकरा वर्षं तिथे पत्र्याचा डबा होता, कंडोमचा. झाकण नाही, कुलूप नाही. कोण किती घेतं ते बघायचं नाही, म्हणून मी मुद्दाम पाठ करून बसते. हेडक्लार्क म्हणाले, "वरून आदेश आहे, सिस्टर. तपासणी समिती यायची आहे. बरं दिसत नाही."

बरं दिसत नाही! जिन्याखालच्या या खोलीत पूर्वी खेळाचं सामान ठेवायचे, अजून चामड्याचा वास जात नाही. ते बरं दिसतं? स्टूल डुगडुगतं, पडद्याला तीन भोकं आहेत, ते बरं दिसतं?

घरी येऊन तणतणले. हे नेहमीसारखं म्हणाले, "जेवताना नकोत ते विषय." लेकाने ताटातून मान वर केली नाही. कॉलेजात तोंड उघडायचं नाही, घरात उघडायचं नाही. मग राहिली ही वही.

४ फेब्रुवारी, मंगळवार

सत्तावीस परत आली.

तिचं नाव मला माहीत नाही. माझ्या रजिस्टरात नावं नसतातच, नंबर असतात. ही पद्धत माझी, आणि तिचा मला अभिमान आहे. नाव विचारलं की मुलं येत नाहीत, आणि आली नाहीत की दुखणं अंगावर काढतात. ज्याला संसर्ग निघतो त्याला नंबर द्यायचा आणि जोडीदारासाठी एक पिवळी चिठ्ठी. तिच्यावर तोच नंबर आणि पुढे 'अ'. खाली दोन ओळी – 'तुमच्या जवळच्या व्यक्तीवर उपचार चालू आहेत. तुमचीही तपासणी हवी. ही चिठ्ठी घेऊन या, नाव विचारणार नाही.' बस, एवढंच. चिठ्ठ्या मी घरी जेवणाच्या टेबलावर कात्रीने कापते. पोर लहान असताना विचारायचं, हे काय गं? मी म्हणायचे, ऑफिसचं.

तर सत्तावीस. एकवीस वर्षांची, शेवटच्या वर्षाला. जानेवारीत ओटीपोट दुखतंय म्हणून आली होती. डॉक्टरबाई मंगळवारी आणि शुक्रवारी येतात, त्यांनी तपासलं, गोळ्या दिल्या. साधा संसर्ग. दोघांनी औषध घेतलं की विषय संपला. एकानेच घेतलं तर पुन्हा होतो. तसंच झालं.

"चिठ्ठी दिलीस का त्याला?"

"दिली."

"मग?"

"दोन तुकडे केले आणि खिशात घातले. म्हणाला, मला कुठे काय होतंय?"

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. अरे, मुलांना बहुतेक वेळा काही जाणवतच नाही, म्हणून तर बोलावतो! भोगते ती. पोट धरून बसते ती. हा मजेत हिंडतोय, तुकडे खिशात घालून. मी बोलून गेले, "कुठल्या आईने वाढवलंय हे रत्न, एकदा बघायचंय मला!"

ती पटकन म्हणाली, "आई चांगली आहे त्याची." मग जरा थांबून, "म्हणजे... तो सांगतो."

चांगली! चांगली असती तर पोराला एवढं शिकवलं नसतं?

सत्तावीसला परत गोळ्या. तो तपासून घेईपर्यंत त्याच्यापासून लांब राहा म्हणून बजावलं. पुन्हा सगळं पहिल्यापासून.

५ फेब्रुवारी, बुधवार

शिपाई मावशींनी डबा भंगाराच्या ढिगातून उचलून माझ्या कपाटात आणून ठेवला. मी काही पाहिलं नाही. त्यांनीही काही केलं नाही.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

प्राचार्यांनी सभेला बोलावलं. तासभर चर्चा झाली आणि त्या डब्यात काय होतं हे एकानेही तोंडाने उच्चारलं नाही! टिपणात लिहिलंय 'सदर वस्तू'. सदर वस्तूमुळे वातावरण बिघडतं. सदर वस्तू दर्शनी भागी नसावी. अर्थशास्त्राचे सर म्हणाले, "आपली मुलं तशी नाहीत हो."

"तशी म्हणजे कशी?" मी विचारलं.

सरांना खोकला आला. प्राचार्य पंख्याकडे बघायला लागले. शेवटी मीच म्हटलं, "कंडोम. तीन अक्षरं आहेत, सर. जीभ झडत नाही." मावशी चहाचा ट्रे घेऊन उभ्या होत्या, कप खुळखुळले.

मोठी मोठी माणसं. पदव्यांची शेपटं लावलेली. आणि पोरांशी एक सरळ वाक्य बोलायची हिंमत नाही. चीड येते, चीड!

घरी मात्र आज एक गंमत. लेकाने जेवताना एकदम विचारलं, "आई, तुझ्या त्या खोलीत कुणी आलं तर त्याच्या घरी कळतं का गं?"

"का? कोणाला यायचंय?"

"मित्र विचारत होते."

"मित्रांना म्हणावं, परीक्षा तोंडावर आहे, तसल्या चौकशा सोडा आणि अभ्यास करा."

हे खाकरले. विषय तिथेच मिटला. त्याला माझी लाजच वाटते. त्याच कॉलेजात आई, तीही पिवळ्या चिठ्ठ्यांची बाई. व्हरांड्यात समोरून आला तर भिंतीवरचं वेळापत्रक वाचत उभा राहतो. असू दे. पोरगं सरळ आहे, तेवढं एक सुख.

१० फेब्रुवारी, सोमवार

सत्तावीसला अंगात कणकण. डॉक्टरबाईंना फोन केला. त्यांनी औषध वाढवलं आणि म्हणाल्या, शुक्रवारी मला दाखवायलाच हवं, चुकवू देऊ नका.

तिला मी पुन्हा विचारलं, तो येत का नाही? म्हणे, "तो म्हणतो, दुसरीकडे कुठेही चालेल, तिथे नाही." मग दुसरीकडे जा ना बाबा! मोठं इस्पितळ आहे की. "तिथे नाव-पत्ता विचारतात, घरी फोन करतात." म्हणजे इथेही नाही आणि तिथेही नाही. घाबरट! काम करताना नाही घाबरला.

तिच्या तोंडून नकळत निघालं – "सध्या व्हॉलीबॉलच्या मॅचेस आहेत, तो दिवसभर मैदानावरच असतो." आणि ओठ चावला.

मी ऐकलंच नाही असं दाखवलं. पण ऐकलं.

१२ फेब्रुवारी, बुधवार

काय केलं मी हे.

दुपारी मैदानाकडे गेले. डोक्यात तेच घेऊन गेले होते. व्हॉलीबॉलचा कप्तान नळावर पाणी पीत होता. उंच, देखणा, पोरींच्या गराड्यातला. मनात म्हटलं, हाच. दुसरा कोण असणार? जानेवारीत त्याला एका मुलीबरोबर जिन्यात पाहिलं होतं, ती पाठमोरी होती, सत्तावीसच असणार. एवढा माझा पुरावा!

"चिठ्ठी मिळाली ना?" मी म्हटलं. "मग आला का नाहीस? तिकडे पोरगी तापाने फणफणतेय आणि तू इथे उड्या मारतोस?"

सगळ्यांसमोर. मोठ्याने. नळ चालूच होता. त्याच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. "कसली चिठ्ठी, सिस्टर?" त्याच्या शेजारची मुलगी त्याच्याकडे बघायला लागली. ती सत्तावीस नव्हती. मुळीच नव्हती.

तो खोटं बोलत नव्हता, हे मला तिथल्या तिथे कळलं. अकरा वर्षं हेच तर करते मी, चेहरे वाचते. पण रागाच्या भरात वाचले कुठे?

आमचा लेक गुणफलकापाशी उभा होता. मॅचचे गुण तोच लिहितो. हातात खडू, मान खाली. त्याच्यासमोर मी शोभा केली. घरी आल्यावर तो सरळ आपल्या खोलीत गेला. जेवलाही नाही.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

कप्तानाच्या वडिलांची तक्रार. प्राचार्यांचं पत्र. 'खुलासा द्यावा.' देते.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

कोणी आलं नाही. सत्तावीससुद्धा नाही. डॉक्टरबाई दोन तास बसून परत गेल्या.

जाताना म्हणाल्या, "सिस्टर, ज्या एका गोष्टीवर ही खोली चालते, तीच तुम्ही नळावर नेऊन धुतलीत." मला राग आला. यांचं काय जातं, आठवड्यातून दोनदा येऊन जायला! मग मी एकटीच स्टुलावर बसले. ते डुगडुगत राहिलं. राग कोणावर काढायचा ते कळेना, कारण उरले होते फक्त मी.

१७ फेब्रुवारी, सोमवार

कप्तानाला गाठलं आणि माफी मागितली. सगळ्यांसमोरच, जिथे बोलले होते तिथेच. तो म्हणाला, "ठीक आहे, सिस्टर. पण ती आता माझ्याशी बोलत नाही." यावर मी काय देणार त्याला? एखादं औषध आहे माझ्याकडे यावर?

आजही खोलीत कोणी नाही. डबा परत टेबलावर काढून ठेवला. समिती यायची तर येऊ दे. पण घ्यायला तरी यायला हवं ना कोणी.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

सत्तावीसला वसतिगृहात तिच्या खोलीत राहणाऱ्या मैत्रिणीने धरून आणलं. सरळ उभं राहवत नव्हतं. डॉक्टरबाईंनी हात लावला मात्र, ती किंचाळली. ताबडतोब मोठ्या इस्पितळात. मी गाडीत बरोबर गेले. संसर्ग आत पोचलाय, गर्भनलिकांपर्यंत. सलाइनमधून औषध चालू केलंय. पुढे मूल होण्याला अडचण येईल का? तिथला डॉक्टर म्हणाला, आत्ता सांगता येत नाही.

"शुक्रवारी का नाही आलीस गं?" मी विचारलं.

तिने भिंतीकडे तोंड केलं. "नाव विचारणार नाही म्हणाला होतात. मी फक्त तुम्हाला सांगितलं होतं मैदानाचं."

चार दिवस. माझ्या संतापाने त्या पोरीचे चार दिवस खाल्ले. खाटेला नावाची पाटी होती, मी वाचली. इथे लिहिणार नाही.

निघताना ती म्हणाली, "त्याला ओरडू नका, सिस्टर. आला तर." काय जीव अडकलाय त्या घाबरटात! मी दाराशी थांबून म्हटलं, "नाही ओरडणार. शब्द देते." पुन्हा एकदा शब्द. माझ्या शब्दाला आता कोण विचारतंय?

आणि तो. महिना उलटला. रजिस्टरात सत्तावीस-अ पुढे कोरी जागा. तिथे बोट ठेवलं की राग येतो. अजूनही.

१९ फेब्रुवारी, बुधवार

संध्याकाळी घरी वैतागून बसले होते. सत्तावीस कशी आहे म्हणून मैत्रिणीच्या फोनची वाट बघत होते. लेकाने येऊन विचारलं, चिकटपट्टी कुठे आहे?

"ड्रॉवरमध्ये बघ. डोळे आहेत ना?"

तो बघत राहिला माझ्याकडे. काहीतरी म्हणायचं होतं वाटतं. मग ड्रॉवर उघडला, चिकटपट्टी घेतली आणि आपल्या खोलीत गेला. नंतर वाटलं, पोरावर उगाच खेकसले. आठवडाभर नीट जेवत नाही, परीक्षेचं टेन्शन असणार. उद्या विचारू.

२० फेब्रुवारी, गुरुवार

ताप उतरलाय तिचा! मैत्रीण सांगायला मुद्दाम खोलीत आली. मंगळवारनंतरचं पहिलं माणूस.

लेकाला विचारायचं राहिलं.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

डॉक्टरबाई नुकत्याच येऊन बसल्या होत्या. अकरा वाजून दहा मिनिटांनी पडदा हलला. तो आत आला आणि डुगडुगत्या स्टुलापाशी उभा राहिला. हातात पिवळी चिठ्ठी, मधोमध चिकटपट्टी लावलेली.

"सिस्टर," म्हणाला. आई नाही म्हणाला.

माझा लेक.

तिला माहीत होतं. पहिल्या दिवसापासून माहीत होतं – आणि ती मला म्हणाली, आई चांगली आहे त्याची.

ओरडायचं नव्हतं. शब्द दिला होता. अकरा वर्षं ज्याला त्याला म्हणत आले तेच म्हणाले, "बस. नाव नको. नंबर सांग."

"सत्तावीस-अ."

पेन उचललं. रजिस्टरातल्या कोऱ्या जागेत लिहिलं – आला.