मागचा पाय

४ डिसेंबर

चि. बोक्यास,
अ. उ. आ.

परवा आपण एकमेकांविरुद्ध खेळणार म्हणून आईची पंचाईत झाली आहे, टाळ्या कुणासाठी वाजवायच्या! मी म्हटलं, माझ्यासाठी वाजव, तुझ्या त्या उडाणटप्पू कीपरला पुढे पुष्कळ मिळतील. निवड समितीची माणसं येणार आहेत. धावा झाल्या तर संघात टिकेन, नाहीतर ह्या वयात कायमचा घरी.

एक सांगतो, पोटात ठेव. माझा उजवा गुडघा पार गेला आहे. लेगला बाहेर पडलेला चेंडू मारताना मागचा पाय आपोआप उचलला जातो. डॉक्टर सोडले तर कुणालाच ठाऊक नाही, तुझ्या वहिनीलासुद्धा नाही. तुला सांगितलं की हलकं वाटतं, लहानपणापासूनची खोडच आहे ती.

वेळेवर जेवत जा. माया आहेच, ती मैदानावर मागू नकोस म्हणजे झालं!

तुझा दादा

९ डिसेंबर

चि. बोक्यास,

तू मला स्टंप केलंस ह्याचं दुःख नाही. पाय हवेत दिसला तर कीपरने बेल्स उडवायच्याच. नसत्या उडवल्यास तर मीच तुझे कान उपटले असते. पण मी छान जमलो असताना तू तुमच्या फिरकीवाल्याकडे गेलास आणि तोंडावर ग्लोव्ह धरून काहीतरी बोललास. पुढचाच चेंडू लेगला बाहेर, आणि तू आधीच तिकडे सरकलेला!

अरे, मैदानात तुझ्या नजरेनं माझा पाय हेरला असता तर मी तुझी पाठ थोपटली असती. तू माझं पत्र वापरलंस. केसानं गळा कापलास रे.

काल मला संघातून काढल्याचं समितीतल्या एका माणसाकडून कळलं. तुला वरच्या संघात घेतल्याचं त्याच माणसानं हसत हसत सांगितलं.

दादा

२० डिसेंबर

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

हो, मीच सांगितलं. समितीची माणसं समोर बसलेली, सकाळपासून माझ्या हाती एक झेल नाही, जीव नुसता कासावीस झाला होता. तोंडून निघून गेलं, असं लिहिणार होतो. पण मी फिरकीवाल्यापर्यंत चालत गेलो होतो, मग निघून कसं जाईल? मला शिव्या दे, पण बोलत राहा. वहिनीनं तर माझ्या पत्राला उत्तरही दिलं नाही.

दादा, सरावात माझं मधलं बोट मोडलं. शेजारच्या बोटाला पट्टीनं बांधून ग्लोव्हमध्ये कोंबतो. कळलं तर पहिल्या सामन्याआधीच घरी पाठवतील. तुझ्याशिवाय कुणाला सांगू?

कसाही असलो तरी तुझाच,
बोका

२८ डिसेंबर

चि. बोक्यास,
अ. आ.

तुझं पत्र वाचून हसावं की रडावं कळेना. काल निवड समितीचे अध्यक्ष माझी समजूत काढायला घरी आले होते. चहा घेताना सहज विचारलं, धाकट्याचे हात काय म्हणतात? अगदी जिभेवर आलं होतं. खोटं कशाला बोलू, सांगून टाकलं असतं तर मला बरं वाटलं असतं. ठणठणीत आहेत म्हणालो, आणि साखर हवी का विचारलं.

बोट डॉक्टरांना दाखव. पण ह्यापुढे मला असलं काही कळवू नकोस. हवापाणी लिही, आईची तब्येत विचार. मीही तेवढंच लिहीन.

इकडे सर्व ठीक. माझा गुडघा बरा आहे.

दादा