मी खिडकी लावायला उठले होते

मी, केझाया ऑर्मरॉड, अविवाहित, वय वर्षं चोपन्न, धंदा धुणं-इस्त्रीचा, राहणार दारूबंदी मंडळाचं भगिनीगृह, खोली क्रमांक तीन, हॅलोबी, परगणा लँकेशायर, हे मृत्युपत्र माझ्या हातानं लिहीत आहे. छाती पोखरली असली तरी डोकं ठिकाणावर आहे. मी पूर्ण शुद्धीवर आहे, आणि ज्या घरात राहते त्याच्या नियमाविरुद्ध, आयुष्यात कधीच दारूनं बेशुद्ध नव्हते. 'कोणाच्याही दडपणाशिवाय' असं पुढं लिहायची रीत आहे. ते मी लिहीत नाही. अठ्ठावीस वर्षं या घरात काढली, आता शेवटच्या कागदावर तरी खोटं नको.

एक. खोली मंडळाची आहे, ती मंडळाला परत जावी. दारू सोडलेल्या बाईलाच ती मिळते. मी दारू कधी चाखलेलीच नाही, तर सोडणार काय, कपाळ?

१८६१ च्या हिवाळ्यात मंडळाची मोठी सभा होती. धाकटी बहीण डॉर्कस पीत असे. पंधरा दिवस हातापाया पडून मी तिला तिथं नेलं. तिची लेक थर्झा, चार महिन्यांची, तिच्या मांडीवर होती. उपदेशक म्हणाले, "ज्याला या पापातून सुटायचंय त्यानं उभं राहावं." नेमका त्याच वेळी पोरीच्या डोक्यावर खिडकीतून गार वारा यायला लागला, म्हणून मी खिडकी लावायला उठले. सभेत उठलेल्या माणसाला पुन्हा खाली बसू देत नाहीत. पेटी वाजू लागली, दोन बायकांनी मला दंडाला धरून पुढं नेलं, माझ्या नावानं दारू सोडल्याचं शपथपत्र भरलं. मागं वळून पाहिलं तर डॉर्कस अर्धी उठलेली होती. मला तिथं बघून ती हसली आणि परत बसली.

घरी येताना म्हणाली, "ताई, तू तरलीस की. एका घरातून एक पुरे."

दुसऱ्या दिवशी मंडळानं मला ही खोली देऊ केली. गिरण्या बंद पडत होत्या, पोरीला छप्पर हवं होतं. म्हटलं, खरं काय ते पुढच्या आठवड्यात सांगू. तो आठवडा अजून यायचा आहे.

दोन. दारू सोडल्याची खूण म्हणून मिळालेली माझी निळी फीत आणि शपथपत्राची चौकट पिकरिंगबाईंना द्यावी. त्या या गृहाच्या अधीक्षिका. दर वर्धापनदिनी त्यांनी मला व्यासपीठावर चढवलं आणि मी डॉर्कसचं पिणं माझं म्हणून सांगितलं. लोक रडायचे. माझी बहीण मात्र दाराशी उभी राहायची, कारण पिणारीला या घराचा उंबरठा बंद. मी तिला दारातूनच भाकरी द्यायचे. तिसऱ्या हिवाळ्यात ती सरकारी गरीबखान्याच्या खाटेवर वारली. तिची जागा मी घेतली, हे मला रोज उठल्यावर आठवतं.

मंडळाला शिव्या देत नाही. अमेरिकेतल्या युद्धानं कापूस यायचा थांबला तेव्हा त्यांनीच फुकट वाटलेल्या गरम सुपावर आमची गल्ली जगली. शेजारच्या खोलीतली मार्था खरोखर सुटली, तिची मुलं शाळेत गेली. ते चांगलं, ते चांगलंच. पण चांगल्या माणसांच्या तावडीतून सुटणं फार अवघड, त्यांच्यावर ओरडताही येत नाही.

तीन. माझ्या थडग्याचा दगड मंडळानं आधीच घडवून ठेवलाय, 'मद्याच्या खाईतून उद्धरलेली केझाया'. तो उलटा करावा. मागच्या कोऱ्या बाजूवर फक्त 'डॉर्कस ऑर्मरॉडची बहीण' एवढं कोरावं.

चार. कपडे दाबायचं लाकडी रुळांचं यंत्र, दोन इस्त्र्या आणि टोपली माझ्या भाचीला, थर्झाला. बेरी गावच्या बर्चबाईंना धुण्याच्या कामात जोडीदारीण हवी आहे, राहायला माळा देतील. मी लिहून ठरवलंय.

थर्झा, हे तोंडानं सांगायचा धीर झाला नाही. मागल्या मंगळवारी पिकरिंगबाई माझ्या उशाशी बसून म्हणाल्या, "तुमच्यामागं खोली थर्झालाच ठेवू हो. तिनं फक्त व्यासपीठावर दोन शब्द बोलावेत."

मी म्हटलं, "बाई, पोर थेंबाला शिवत नाही."

"आईबद्दल बोलेल की. लोकांना आवडेल."

हँडबिलावर तुझं नाव छापूनही झालंय. या खोलीचं भाडं म्हणून तुझी आई दरवर्षी व्यासपीठावर मांडायची, असं त्यांनी ठरवलंय. मी ते भाडं भरलं, आणि त्यात आपण दोघीही अडकलो. तू भरू नकोस. मला पुरलंस की यंत्र हातगाडीवर चढव आणि बेरीची वाट धर. भिडेखातर सभेला गेलीसच आणि नाव पुकारलं, तर बसून राहा. खिडकीतून कितीही वारा आला तरी उठू नकोस, पोरी.

पाच. अंमलबजावणी जेबेझ होल्ट, 'नांगर' गुत्त्याचे मालक, यांनी करावी. मंडळातलं कोणी साक्षीला येईना, म्हणून आज जन्मात पहिल्यांदा गुत्त्यात पाऊल ठेवलं. त्यांनी चहा दिला.

केझाया ऑर्मरॉड
स्थळ: 'नांगर' गुत्ता, मागची खोली, हॅलोबी
२९ ऑक्टोबर १८८९

वरील बाईंनी आम्हा दोघांच्या समक्ष सही केली. होल्ट यांनी मान म्हणून उठायला सांगितलं असता बाईंनी नकार दिला आणि सही बसूनच केली.

साक्षीदार: जेबेझ होल्ट, गुत्तेवाला
साक्षीदार: अँब्रोझ क्लेग, चांभार